कॉलेजातला धावपटू, आता दुकानदार : पोरांसमोर खरं काय सांगू?

पेडणेकर८००

नमस्कार मंडळी.

ज्या कॉलेजात शिकलो तिथून फोन आला. खेळाडूंचा बक्षीस समारंभ आहे, 'खेळाडू ते उद्योजक' या विषयावर वीस मिनिटं बोला म्हणे. उद्योजक म्हणजे मी. पेडणे तालुक्यात रंगाचं आणि हार्डवेअरचं दुकान, दोन पोरं कामाला, एक रंग मिसळायचं टिंटिंग मशीन, एक पिकअप. एवढ्यावर माणसाला उद्योजक म्हणतात हे त्या फोनवर कळलं.

नव्वदच्या दशकाच्या शेवटी म्हापशात कॉलेजला होतो. ८०० आणि १५०० मीटर धावायचो. गोव्यात नंबर यायचा. आंतरविद्यापीठ स्पर्धेला गेलो की पंजाब-केरळची पोरं हीटमध्येच आपली जागा दाखवून द्यायची. बी.कॉम. झालं. स्पोर्ट्स कोट्यातली नोकरी येते येते म्हणत आलीच नाही, मग एका रंगाच्या डिस्ट्रिब्युटरकडे सेल्समन लागलो. पत्रादेवी ते कोलवाळ, स्कूटरवर शेड कार्डं घेऊन. लग्न झालं, मुलगी झाली, आणि एका रात्री बायकोने हिशेब मांडून दाखवला की दुसऱ्याचा माल खपवून आपण जे मिळवतो, त्याच कष्टात आपलं दुकान उभं राहतं. दागिने सोसायटीत गहाण ठेवले आणि शटर उघडलं.

असल्या भाषणांत काय बोलायचं असतं ते सगळ्यांना पाठ आहे. खेळाने शिस्त दिली, जिद्द दिली, हार पचवायला शिकवलं. कागद घेऊन बसलो तर वाटायला लागलं की यातलं निम्मं नुसतं बोलायचं असतं. पहाटे पाचला उठायची सवय होती, खरं आहे. पण पहाटे पाचला डिस्टेंपर घ्यायला कोण येतो? ८०० मीटरला दोन फेऱ्या मारल्या की सुटका. आमच्याकडे एका कंत्राटदाराची उधारी मुलगी प्राथमिक शाळेत होती तेव्हापासून चालू आहे, आता ती बारावीला आहे.

माझ्या मते खेळाने धंद्यात मला एकच गोष्ट दिली : ओळखी. पहिला माल उधारीवर देणारा होलसेलवाला मला ओळखत होता, कारण त्याच्या भावाबरोबर मी रिले धावलो होतो. पण हे पोरांना सांगायचं? 'बाळांनो धावा, म्हणजे उधारीवर प्रायमर मिळेल'?

ज्यांनी कॉलेजात खेळून पुढे धंदा-संसार केला त्यांनी आपापलं सांगा. गोव्याबाहेरच्यांनीही.

टवाळ_म्हापसेकर

८०० मीटरवाल्याला कंत्राटदार गाठता येत नाही? कसली ती पदकं!

पेडणेकर८००

@टवाळ, तो थार घेऊन फिरतो रे.

साखळीचा_स्टॉपर

ओळखींना हलक्यात घेऊ नका दादा. पण ओळखी बुडवतातही.

मी कॉलेजच्या फुटबॉल टीमचा स्टॉपर, म्हणजे मधला बचावपटू. आमच्या भागात तेव्हा एकच धंदा दिसायचा, खनिज वाहतूक. टीममधल्या एकाने टिपर घेतला, तो पैसे मोजताना दिसला, मग दुसऱ्याने घेतला, मग माझ्यासकट निम्म्या टीमने. बँकाही हसत कर्ज द्यायच्या. सप्टेंबर २०१२ मध्ये सरकारने खाणी थांबवल्या, पुढच्या महिन्यात सुप्रीम कोर्टाचा आदेश आला. मधल्या काळात थोडं सुरू झालं म्हणून इंजिनाचं काम करून घेतलं, तर फेब्रुवारी २०१८ मध्ये कोर्टाने खाणींची ८८ लीजेस रद्द केली. मार्चपासून पुन्हा शुकशुकाट. टिपर अंगणात उभा. आईने त्याच्या कडेला भोपळ्याचं बी टोचलं होतं, पावसात वेल केबिनवरून मागे फाळक्यापर्यंत गेला. हप्ता चालू, आणि घरात रोज भोपळ्याची भाजी.

तिथे जिद्द काय कामाची होती? कोर्टापुढे स्लायडिंग टॅकल चालत नाही. उलट खेळाडू म्हणून अंगात जी रग होती, की आपण मागे हटायचं नाही, तिनेच जास्त नुकसान केलं. आमच्यातला गोलकीपर तेवढा टिपर घ्यायला घाबरला. सगळ्यांनी त्याची चेष्टा केली. बँकेत क्लार्क लागला, आज आमच्यात सुखी तोच.

मी शेवटी टिपर पडेल भावाने विकला आणि फॅब्रिकेशन शेड टाकली. ग्रिल, गेट, पत्र्याच्या शेड. बरं चाललंय. पण 'खेळाडू ते उद्योजक' म्हणून मला कोणी बोलावणार असेल तर त्याला आधी भोपळा दाखवीन.

पुणेरी_नवउद्योजक

छान विषय. मला वाटतं इथे सगळे निगेटिव्ह बाजू बघतायत. खेळाडूचा माइंडसेटच वेगळा असतो. गोल सेटिंग, रेझिलियन्स, टीम बिल्डिंग, फीडबॅक लूप, हे सगळं स्पोर्ट्समधून थेट बिझनेसमध्ये ट्रान्सफर होतं. आमच्या कंपनीत हायरिंग करताना आम्ही स्पोर्ट्स बॅकग्राउंड बघतोच.

टवाळ_म्हापसेकर

साहेबांना कुणीतरी काजूची उर्राक द्या, लिंबू पिळून.

साखळीचा_स्टॉपर

@पुणेरी, तुमच्या कंपनीत माझ्या गोलकीपरसाठी जागा असेल तर कळवा. माइंडसेट एकदम घाबरट आहे.

खोखोवाली_बाय

बराच वेळ नुसती वाचत होते. आता राहवत नाही.

पेडणेकरदादा, तुमची पोस्ट परत एकदा वाचा. हिशेब मांडला बायकोने. गहाण दागिने, ते कोणाच्या अंगावरचे हे तुम्ही लिहिलंही नाहीत. आणि भाषणाला बोलावणं कोणाला? तुम्हाला. वर प्रश्न काय, तर खेळाने मला काय दिलं!

रागाने लिहीत नाही, गंमत वाटली म्हणून लिहिते. कारण माझीही गोष्ट खेळाडूचीच आहे. खो-खो. विद्यापीठाच्या संघात होते. खांबाजवळ सूर मारून गडी बाद करायचे, गुडघ्यांची कातडी कधी पूर्ण भरलेली आठवत नाही. शेवटच्या वर्षाची परीक्षा झाली आणि लग्न होऊन सत्तरी तालुक्यात आले. सासूबाई चांगल्या होत्या, कुणी 'खेळू नको' म्हटलं नाही. म्हणायची गरजच पडली नाही. संघ कुठे, मैदान कुठे, आणि पहाटे गोठ्यात कोण जाणार? मुलगे कॉलेज संपल्यावरही संध्याकाळी गावच्या टीममध्ये खेळतात. मुलींचा खेळ निकाल लागतो त्या दिवशी संपतो.

धंदा मुलं मोठी झाल्यावर सुरू केला. चतुर्थीच्या ऑर्डरी : नेवऱ्या (करंज्या), लाडू, चकल्या. सुरुवातीला स्वयंसाहाय्य गटाच्या नावावर, मग स्वतःची अन्न परवान्याची नोंदणी केली, तेव्हा वर्षाला १०० रुपये फी होती. आता श्रावण लागला की अंगणात ताडपत्री घालून दोन चुली पेटतात. आणि कामाला कोण येतं सांगू? आमच्या जुन्या संघातल्या चौघीजणी. एकीचं सासर डिचोलीत, एक केरीहून येते. एक लाटते, एक खोबऱ्याचं चून भरते, एक कातणाने कडा कापते, मी तळणीवर. तेल तापलेलं असताना हाक मारावी लागत नाही, मान वळवली की पुढची पाटी हातात येते. तेव्हा खेळाने काही दिलं का, तर मला ह्या चौघी दिल्या. तुमचा ओळखीचा मुद्दा त्या अर्थाने मान्य.

आणि उधारीबद्दल : माझ्याकडे अर्धे पैसे आधी. नेवरी खाऊन झाल्यावर पैसे द्यायची आठवण कुणाला राहत नाही, आणि रंग लावून झाल्यावर तर मुळीच नाही.

पेडणेकर८००

बाय, दागिने तिचेच. तुमचा प्रतिसाद तिला वाचून दाखवला. ती म्हणाली, 'ह्या बाईंचा नंबर घे, चतुर्थीची ऑर्डर द्यायचीय.' बाकी काही बोलली नाही. त्याचीच भीती वाटते.

टवाळ_म्हापसेकर

दादा, आज जेवण मिळालं का?

डिचोलीची_वहिनी

खोखोवाली_बाय यांना शंभर टक्के अनुमोदन. दुसरी बाजू माझी. नवरा कॉलेजचा फुटबॉलर. कॉलेज संपून किती वर्षं झाली विचारू नका, फुटबॉल संपलेला नाही. रविवारी सकाळी व्हेटरन्सची मॅच. आमचं मोबाईल आणि झेरॉक्सचं दुकान, त्यात रविवारी बाजारचा दिवस नसला तरी गिऱ्हाईक असतं. काउंटरवर मी, डबा मी, पोराचा गृहपाठ मी. हे दुपारी लंगडत येतात आणि मला विचारतात, 'बर्फ आहे का?'

खेळाडूचा संसार म्हणजे काय ते त्याच्या बायकोला विचारा. धंद्यातले गुण-बिण सगळं ठीक आहे.

साखळीचा_स्टॉपर

वहिनी, तुमच्या घरचे लेफ्ट बॅक आहेत का? मग मी ओळखतो. गेल्या रविवारी बर्फ माझ्यामुळे लागला. माफी असावी.

डिचोलीची_वहिनी

तरीच! पुढच्या रविवारी बर्फ तुम्हीच घेऊन या, भावजी.

फोंड्याचे_मास्तर

मी निवृत्त शारीरिक शिक्षण शिक्षक. चर्चा रंगली आहे, पण एक धागा सुटतोय. आधीच्या पिढीला 'खेळानंतर काय' हा प्रश्न आजच्यासारखा पडत नव्हता, कारण खेळ आणि नोकरी एकाच दारातून येत.

मुंबईत कंपन्या टाइम्स शील्ड या आपापसातल्या स्पर्धेसाठी क्रिकेटपटूंना नोकऱ्या द्यायच्या. आपला मडगावचा दिलीप सरदेसाई, १९७१ च्या वेस्ट इंडिज दौऱ्यातल्या कसोटींत ६४२ धावा काढणारा, त्याच काळातला. गोव्यात फुटबॉलचं तसंच होतं. साळगावकर, धेंपो हे खाणमालकांचे क्लब, शिवाय बंदर आणि पोलीस यांचे संघ. पोराचा पाय चांगला असेल तर आई-बापाला भाकरीची चिंता नसे. ब्रह्मानंद शंखवाळकरांसारखा गोलरक्षक या मातीतून वर आला, १९९७ चा अर्जुन पुरस्कार आणि २०२२ मध्ये पद्मश्री. पण त्यांच्या मागे जी शेकडो पोरं दुसऱ्या-तिसऱ्या फळीत खेळली, त्यांची घरं त्या पगारावर उभी राहिली, आणि ते मला जास्त महत्त्वाचं वाटतं. पुढे २०१६ मध्ये फुटबॉल फेडरेशनच्या नव्या आराखड्यावर नाराज होऊन साळगावकर, धेंपो आणि स्पोर्टिंग या तीन क्लबांनी आय-लीग ही देशपातळीवरची स्पर्धा सोडली. त्याआधीच खाणी थंडावल्या होत्या. स्टॉपर यांचा टिपर आणि त्यांचा फुटबॉल एकाच खनिजावर चालत होते, हे त्यांच्याही लक्षात आलं असेल.

सरकारी नोकरीनेही सगळं भागत नाही. कुस्तीपटू खाशाबा जाधव कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे विद्यार्थी. हेलसिंकी ऑलिंपिकला जायला पैसे नव्हते तेव्हा प्राचार्य खर्डेकरांनी स्वतःचं घर गहाण ठेवून ७००० रुपये उभे केले. १९५२ ला कांस्यपदक आलं. १९५५ मध्ये पोलीस खात्यात सब-इन्स्पेक्टर म्हणून लागले आणि बढतीची वाट बघत वर्षं गेली. १९८४ मध्ये अपघातात गेले. अर्जुन पुरस्कार मिळाला तो मरणानंतर.

खोखोवाली_बाय म्हणाल्या ते इथेही बघा. पदकावर नाव एकाचं, गहाण पडलेलं घर दुसऱ्याचं.

खोखोवाली_बाय

मास्तर, खर्डेकरांचं नाव निदान लोकांना ठाऊक तरी आहे!

बेळगावी_कुंदा

अवांतर : सकाळी प्रॅक्टिस झाल्यावर तुम्ही गोवेकर काय खायचात? आम्ही कॉलेजची टीम घेऊन म्हापशाला यायचो तेव्हा एका टपरीवर पातळ भाजी आणि पाव खाल्ल्याचं आठवतं. चव अजून जिभेवर आहे.

पेडणेकर८००

पातळ भाजी, दोन उंडे (गोल कडक पाव), वर मिरची भजी, आणि पैसे असले तर बन. हे सगळं खाऊन दहाच्या लेक्चरला अकाउंटन्सी. माझं डेबिट-क्रेडिट कच्चं राहिलं त्याचं कारण पोटात होतं.

टवाळ_म्हापसेकर

उंडे नव्हेत, पोळी. आपली कोंड्याच्या पावाची. रनरला फायबर लागतं.

साखळीचा_स्टॉपर

उंडेच. पोळी आजारी माणसाला.

*(यानंतरचे उंडा विरुद्ध पोळी हे २३ प्रतिसाद 'खाऊगल्ली' विभागात हलवले आहेत. कृपया विषयावर या. — व्यवस्थापन)*

बँकवाला_भाऊ

धंदा करू पाहणाऱ्या खेळाडूंसाठी थोडं कोरडं, पण कामाचं.

दागिने गहाण ठेवायच्या आधी पर्याय बघा. २०१५ पासून मुद्रा कर्ज आहे : शिशू ५० हजारांपर्यंत, किशोर ५ लाखांपर्यंत, तरुण १० लाखांपर्यंत, तारण न घेता. गोव्यात आर्थिक विकास महामंडळाची मुख्यमंत्री रोजगार योजना आहे. मात्र बँकेत पदकांची फाइल आणू नका. खरंच आणतात. आम्हाला कोटेशन, जागेचे कागद आणि सहा महिन्यांत किती माल खपेल याचा अंदाज लागतो. अंदाजही 'मेहनत करणार सर' असा नको, आकड्यात हवा.

पेडणेकर यांच्या उधारीबद्दल. लघुउद्योगांना ४५ दिवसांत पैसे द्यायचा जो नियम आहे, तो उत्पादक आणि सेवा देणाऱ्यांसाठी. नुसती खरेदी-विक्री करणाऱ्या दुकानदाराला त्याचा आधार नाही. तेव्हा उधारी मर्यादेतच ठेवा. माल गेला की हातात काही राहत नाही.

पेडणेकर८००

भाऊ, रंगाचं तर त्याहून वाईट. बेसमध्ये रंग टाकून डबा मशीनवर घुसळला की तो माल त्या एकाच घराचा. कंपनी परत घेत नाही, दुसरं गिऱ्हाईक घेत नाही. माझ्याकडे मागे एक फळी आहे, सगळे न नेलेले डबे. एक गुलाबी तर असा आहे की बघवत नाही. म्हणून आता मशीन चालू करायच्या आधी पैसे. हा नियम बायकोचा, आणि हा कागद काउंटरवर तिच्या अक्षरात चिकटवलेला आहे.

थर्डइयरचा_पोर

नमस्कार सर. मी बहुतेक त्याच समारंभाला समोर बसणार आहे. ४०० मीटर. बांबोळीच्या ट्रॅकवर सराव करतो.

दर वर्षी कोणीतरी येतं आणि शिस्त-जिद्द सांगून जातं. आम्ही टाळ्या वाजवतो आणि समोसा खातो. २०२३ ला नॅशनल गेम्स गोव्यात झाले तेव्हा वाटलं होतं आता काहीतरी होईल. आमच्यातल्या काहींचं झालं, बहुतेकांचं नाही. पप्पांचं साळगावात किराणा दुकान आहे. ते म्हणतात दुकानात बस. मला बी.पी.एड. (शारीरिक शिक्षणाची पदवी) करायचंय. मधे आई.

तुम्ही एवढंच सांगा सर : किती पैसे लागले, कुठून आले, पहिल्या वर्षी घर कसं चाललं, आणि धावणं सुटलं तेव्हा कसं वाटलं. बाकी आम्हाला पाठ आहे.

खोखोवाली_बाय

शाबास रे बाबा. ह्या पोराने धाग्याचं काम केलं.

फोंड्याचे_मास्तर

बी.पी.एड. कर, पण शिक्षकाच्या जागा किती निघतात ते आधी बघ. आणि पप्पांच्या दुकानात सुट्टीत तरी बस. माझे कितीतरी विद्यार्थी दोन्ही करतात : सकाळी शाळेच्या पोरांना कोचिंग, दुपारनंतर काउंटर. त्यात कमीपणा कसला?

पेडणेकर८००

पोरा, इथेच लिहितो.

पैसे : दागिन्यांवरचं कर्ज, तिच्या शिकवण्यांतून साठलेले थोडे, आणि होलसेलवाल्याचा उधार माल. माझ्या खात्यात जे होतं ते शटर आणि बोर्डात संपलं. पहिल्या वर्षी घर तिच्या शिकवण्यांवर चाललं. मागच्या खोलीत दहावीची पोरं गणित करायची, पुढे मी गिऱ्हाइकाची वाट बघत. पाऊस सुरू झाला आणि दुकानात कोणी फिरकेना. मला वाटलं संपलं. मग आषाढ सरत आला आणि लोक चतुर्थीसाठी घरं रंगवायला लागले. डिसेंबरात नाताळसाठी ख्रिस्ती घरं. वर्षातून दोन हंगाम, मधे तग धरायचा. हे मला सेल्समन असतानाच ठाऊक होतं, पण तेव्हा पगार दर महिन्याला यायचा. पुढे मोपा विमानतळाचं काम निघालं, आजूबाजूला खोल्या आणि हॉटेलं उठली, तेव्हा दुकानाने बाळसं धरलं. त्यात माझी करामत काही नाही, दुकान त्या रस्त्यावर होतं.

धावणं सुटलं तेव्हा : वाईट वाटलं. पेपरात नाव येणं बंद होतं आणि बाजारात कोणी ओळखत नाही. स्पाइक्स भाच्याला दिले, त्याला ते घट्ट झाले, त्याने कुठे टाकले माहीत नाही.

कॉलेजला फोन करून सांगितलं की आम्ही दोघं बोलणार. पलीकडून उत्तर आलं, 'मॅडमना पहिल्या रांगेत बसवू.' मी म्हटलं, स्टेजवर दोन खुर्च्या ठेवा, नाहीतर दुसरा उद्योजक बघा. ठेवतो म्हणाले.

डिचोलीची_वहिनी

हे वाक्य आमच्या लेफ्ट बॅकला फॉरवर्ड केलं आहे.

थर्डइयरचा_पोर

समारंभ झाला. सर दहा मिनिटं बोलले, मॅडम जवळजवळ अर्धा तास. मॅडमनी उधारीची वही आणली होती, नावं झाकून पानं दाखवली. एका पानावर नुसतं 'उद्या देतो' असं तारखांसकट लिहिलेलं होतं, खालपर्यंत. हॉल हसून पडला. मग मुलींनी प्रश्न विचारायला सुरुवात केली आणि प्राचार्यांना घड्याळ दाखवावं लागलं. माझ्या आईने नंतर मॅडमना गाठून काहीतरी विचारलं, काय ते मला सांगत नाही. पप्पा म्हणतात बी.पी.एड.चा फॉर्म तर भर.

समोसा होताच.

पेडणेकर८००

पोरा, तुझ्या आईने एक्स्टीरियर प्रायमरचा भाव विचारला. सांगून टाकतो, नाहीतर रात्रभर विचार करशील.

हळदोण्याचा_भाटकार

सगळा धागा वाचला नाही, माफ करा. इथे रंगाच्या दुकानाचे मालक आहेत असं दिसलं. आमच्या गच्चीला भेगा पडून हॉलमध्ये पाणी झिरपतं. आता पावसात काही लावता येईल का?

पेडणेकर८००

पावसात काहीही लावू नका, ओल्या स्लॅबवर कोट धरत नाही, पैसे वाया. सध्या ताडपत्री. एप्रिलमध्ये भेगा कोरून भरा, जाळी टाकून वॉटरप्रूफिंगचे दोन कोट द्या, पहिला पुरता सुकल्यावरच दुसरा. गच्ची किती चौरस मीटर ते व्यनि (खासगी निरोप) करा. आणि पैसे आधी.

टवाळ_म्हापसेकर

बघा, शिकला!